ओपन इनोव्हेशन : कंपन्या दार कशासाठी उघडतात आणि उघडल्यावर अडतं कुठे

पाचर (धागाकर्ता):

ओपन इनोव्हेशन म्हणजे कंपनीने बाहेरचं तंत्र आणि कल्पना आत घेणं, नि आपल्याकडचं बाहेर जाऊ देणं. ते का करायचं, असं विचारलं की दोन ठरलेली उत्तरं येतात. एक, बाहेरून फुकटात कल्पना मिळतात. दोन, सगळे करताहेत म्हणून. दुसरं उत्तर निदान प्रामाणिक आहे. पहिलं साफ चुकीचं आहे, आणि त्या समजुतीवर उभे केलेले उपक्रम पुढे गुपचूप गुंडाळावे लागतात. म्हणून हा धागा.

हा शब्द रूढ झाला तो २००३ नंतर, व्यवस्थापनाचे अभ्यासक हेन्री चेस्ब्रो यांच्या मांडणीमुळे. त्याआधीचा मोठ्या कंपन्यांचा शिरस्ता असा: हुशार माणसं नोकरीला ठेवायची, शोध आपल्याच प्रयोगशाळेत लावायचा, माल आपणच बनवायचा, नफा परत प्रयोगशाळेत घालायचा. ज्ञान आवाराच्या आत टिकून राहतं तोवर हे गाडं उत्तम चालतं. पुढे माणसं नोकऱ्या बदलू लागली, नव्या उद्योगाला भांडवल देणारे उभे राहिले, पुरवठादार स्वतः संशोधन करू लागले आणि भिंतीला भोकं पडली.

पीअँडजीचा, म्हणजे घरगुती वापराचा माल बनवणाऱ्या प्रॉक्टर अँड गॅम्बलचा, हिशोब बघा. ए. जी. लाफ्ली २००० साली प्रमुख झाले तेव्हा कंपनीकडे साधारण ७,५०० संशोधक होते. बाहेर जगात तेवढ्याच तोलामोलाचे प्रत्येकी सुमारे २०० जण असावेत, असा कंपनीचाच अंदाज होता, म्हणजे एकूण १५ लाख. त्यांना पगारावर घेणं अशक्य. मग लाफ्लींनी लक्ष्य ठेवलं की निम्म्या नव्या गोष्टींचा उगम बाहेरचा असावा.

यातलं गाजलेलं उदाहरण तेव्हा पीअँडजीच्या असलेल्या प्रिंगल्सचं. बटाट्याच्या चकत्यांवर चित्रं आणि कोडी छापायची कल्पना २००२ मध्ये निघाली. छपाई तळणातून निघाल्यावर लगेच, चकती गरम आणि दमट असतानाच व्हायला हवी. रंग खाण्याजोगे हवेत. मिनिटाला हजारो चकत्या जाणार आणि तरी रेषा फाटता कामा नये. हे घरात करायचं तर आधी इंकजेटवाल्या कंपनीशी करार, मग शाई तयार करणं, मग हक्कांवर घासाघीस. त्याऐवजी अडचणीचं एक टिपण काढून ते जगभरच्या ओळखीच्या जाळ्यात फिरवलं गेलं. इटलीत बोलोन्यामध्ये एका प्राध्यापकाची छोटी बेकरी सापडली. बेकरीची यंत्रंही तो बनवायचा. केक-बिस्किटांवर खाद्य शाईने चित्रं छापायची पद्धत त्याच्याकडे तयारच होती. २००४ मध्ये माल बाजारात.

यात पैसे वाचले ते वाचलेच, पण खरी बचत धोक्याची. शाई जमेल की नाही, हा प्रश्न कुणीतरी आपल्या खिशातून आधीच सोडवून ठेवला होता. दार उघडणाऱ्या कंपन्या दुसऱ्याने खाल्लेल्या ठेचा विकत घेतात, असं माझं मत आहे. कल्पना काय, त्यांच्याकडे घरातल्याच पडून असतात.

जाणकारांनी खोडून काढावं. विशेषतः कुठे फसतं यावर लिहा.

तिरकस:

पीअँडजीचं उदाहरण नसलेला धागा या विषयात मोजतच नाहीत बहुतेक.

मी उलटं उदाहरण देतो. नेटफ्लिक्सने ऑक्टोबर २००६ मध्ये १० लाख डॉलरचं बक्षीस लावलं. प्रेक्षक कुठल्या सिनेमाला किती तारे देईल, हे त्यांच्या चालू प्रणालीपेक्षा १० टक्के अचूक सांगा. चाचणीतली चूक ०.९५२५ वरून ०.८५७२ वर आणायची होती. विदा (डेटा) दिला ४,८०,१८९ ग्राहकांचा, १७,७७० सिनेमांचा, १० कोटींहून जास्त नोंदींचा. बक्षीस दिलं गेलं सप्टेंबर २००९ मध्ये. दुसऱ्या चमूचा निकाल तंतोतंत तेवढाच होता, फक्त तो २० मिनिटं उशिरा आला.

आणि ते विजेतं उत्तर कंपनीने वापरलंच नाही. शेकडो मॉडेलं एकत्र बांधलेला तो गठ्ठा चालत्या यंत्रणेत बसवायला जी मेहनत लागली असती, तिच्या मानाने सुधारणा किरकोळ होती. शिवाय तोवर धंदाच डीव्हीडी पोस्टाने पाठवण्याकडून स्ट्रीमिंगकडे वळला होता. तिथे ग्राहक तारे देत बसत नाही. तो बघतो, नाहीतर बंद करतो.

भरीस भर म्हणजे नावं काढून टाकलेल्या त्या विदातून, दुसऱ्या संकेतस्थळावरची उघडी परीक्षणं ताडून, काही ग्राहक ओळखता येतात हे दोन संशोधकांनी दाखवून दिलं. प्रकरण कोर्टात गेलं आणि २०१० मध्ये दुसरी स्पर्धा रद्द करावी लागली. यात कोणाच्या ठेचा कोणी विकत घेतल्या?

पाचर:

तिरकस, तुम्ही गोष्ट अर्धीच सांगितली. २००७ च्या टप्प्याच्या बक्षिसात, ५० हजार डॉलरच्या, एका चमूने ८.४३ टक्के सुधारणा दिली होती. त्यात १०७ अल्गोरिदम होते. नेटफ्लिक्सने त्यातले सगळ्यात कामाचे दोनच उचलले आणि ते चालत्या यंत्रणेत बसवले. म्हणजे उपयोगाचा माल ५० हजारांत आला आणि शेवटचा दीड टक्का ढोलताशांसाठी.

तुमचा मुद्दा मात्र खरा आहे. अट लिहिताना त्यांनी मोजता येतं ते मागितलं. आपल्या यंत्रणेत बसवता येईल असं मागितलं नाही. गणिताला किती वेळ चालेल, किती मेमरी लागेल, याची मर्यादा अटीतच घालता आली असती.

खटपट्या:

अट लिहिण्यावरच सगळं अडतं, म्हणून त्यावर जरा सविस्तर.

इनोसेंटिव्ह हे व्यासपीठ २००१ मध्ये एली लिली या औषध कंपनीतून निघालं. कंपन्या तिथे आपल्याला न सुटलेले प्रश्न टाकतात, जगातलं कोणीही उत्तर देतं. त्यावरच्या १६६ प्रश्नांचा पुढे अभ्यास झाला. हे प्रश्न कंपन्यांच्या स्वतःच्या प्रयोगशाळांत अडकून पडलेले होते, आणि तरी जवळपास ३० टक्के सुटले. गंमत पुढे आहे: प्रश्नाचं क्षेत्र उत्तर देणाऱ्याच्या स्वतःच्या क्षेत्रापासून जितकं लांब, तितकी त्याचं उत्तर निवडलं जाण्याची शक्यता जास्त.

अलास्कातल्या तेलगळतीवर काम करणाऱ्या संस्थेचं उदाहरण त्यासाठीच सांगतात. समुद्रातून उपसलेलं तेल-पाण्याचं मिश्रण तराफ्यांवर थंडीने इतकं घट्ट व्हायचं की पंपच ओढेना. तेलवाल्यांनी डोकं खपवलं ते गरम करण्यावर नि रसायनांवर. २००७ मध्ये उत्तर आलं एका रसायनतज्ज्ञाकडून, ज्याला काँक्रीटची कामं माहीत होती. ओतलेलं काँक्रीट आळू नये म्हणून त्यात कंपन देणारी दांडी घालतात, बाजारात तयार मिळते. तीच इथे घाला. बक्षीस २० हजार डॉलर.

हे शक्य झालं कारण प्रश्न तेलाच्या भाषेत अडकलेला नव्हता. 'थंडीत घट्ट होणारा द्रव वाहता ठेवायचा आहे' एवढ्यावर काँक्रीटवाला थबकतो. तेच 'आर्क्टिक परिस्थितीत पुनर्प्राप्त क्रूड इमल्शनचं र्‍हिऑलॉजिकल व्यवस्थापन' असं लिहा, तो पान उलटून पुढे जाईल. प्रश्नातून धंद्याचे शब्द काढायचे आणि क्रिया ठेवायची: वाहतं ठेवणं, चिकटवणं, वेगळं करणं, मोजणं. मग आपल्या विभागाबाहेरच्या दोघांना वाचायला द्या. त्यांना अडचण दोन मिनिटांत परत सांगता आली नाही तर पुन्हा लिहा.

दुसरं, काय करून झालंय तेही लिहा. हे लाजेने गाळतात आणि मग निम्मी उत्तरं तीच येतात. तिसरं, स्वीकाराचा आकडा. 'जास्त टिकाऊ' म्हणून चालत नाही. किती तापमानाला, किती फेऱ्या, कुठल्या चाचणीने, आणि नमुना कोण तपासणार हे हवं. आकडा नसला की परीक्षक आपापल्या आवडीने निवडतात आणि हरलेले भांडतात. चौथं म्हणजे काय नको: अमुक द्रावक चालणार नाही, यंत्राची लांबी वाढवता येणार नाही, वीज एवढीच आहे. नेटफ्लिक्सने राखायला हवा होता तो हा रकाना.

आणि चाळणीचे तास आधी धरा. शंभर प्रस्ताव आले आणि प्रत्येकाला दोन जाणकारांनी पाऊण-पाऊण तास दिला, तर दीडशे तास झाले. हे तास ज्यांचे जाणार त्यांच्या वरिष्ठाने आधी होकार दिलेला नसला, तर प्रस्ताव तीन-तीन महिने पडून राहतात. चांगला माणूस एकदा तसा ताटकळला की परत येत नाही.

नवखी:

बाळबोध प्रश्न आहे, सांभाळून घ्या. आपली अडचण जगजाहीर केली म्हणजे आपण कशावर काम करतोय हे स्पर्धकाला कळलंच की! आणि बाहेरच्याने कल्पना सांगितली, पण तीच आपल्याकडे आधीपासून चालू असेल तर? गोपनीयतेचा करार केला की पुरतं का?

कलमबहाद्दर:

नवखी, प्रश्न बाळबोध अजिबात नाही. बहुतेक भांडणं याच दोन ठिकाणी होतात.

स्पर्धकाला कळण्याबद्दल: मध्यस्थ व्यासपीठावर नाव झाकून प्रश्न टाकता येतो, आणि मोठं काम तुकडे करूनही टाकता येतं. पण आधी बघायचं ते असं, की ही माहिती दुसऱ्याच्या हातात पडून तो करणार काय? गोल्डकॉर्प या कॅनडाच्या खाण कंपनीने २००० साली रेड लेक खाणीचा भूगर्भाचा सगळा विदा, सुमारे ४०० एमबी, इंटरनेटवर टाकला आणि सोनं कुठे सापडेल ते सांगा म्हणून ५,७५,००० डॉलरची बक्षिसं ठेवली. खाणधंद्यात हा विदा जिवापाड जपतात. पण जमिनीचे हक्क कंपनीकडेच होते. सोनं कुठे आहे हे कळूनही दुसऱ्याला खणता येणार नव्हतं. असा एखादा खुंटा आपल्याकडे पक्का असेल तर बाकीचं खुशाल उघडावं. नसेल तर आधी पेटंटचा अर्ज. युरोपात अर्जाआधी कुठेही जाहीर केलं की नावीन्य संपतं. अमेरिकेत स्वतःच्या जाहिरातीनंतर एक वर्ष मिळतं, पण त्या भरवशावर राहून बाकीचे देश घालवू नयेत.

दुसरा प्रश्न दूषित होण्याचा, म्हणजे बाहेरच्याची कल्पना आपल्या कामात मिसळल्याचा संशय येण्याचा. अर्थशास्त्रज्ञ केनेथ ॲरो यांनी १९६२ मध्ये मांडलेला पेच आहे: माहिती ऐकल्याशिवाय तिची किंमत कळत नाही, आणि ऐकून झाली की विकत घ्यायची गरज उरत नाही. व्यवहारात याचा त्रास घेणाऱ्याला जास्त होतो. गोपनीयतेचा करार करून तुम्ही ऐकलंत, आणि सहा महिन्यांनी तुमच्याच प्रयोगशाळेतून तसलंच काही निघालं, तर ते आधीपासून आपलं होतं हे सिद्ध करणं तुमच्या गळ्यात. म्हणून पहिली भेट करारावाचून करा. समोरच्याला लेखी सांगा की गोपनीय काही पाठवू नका: काय होतं, किती होतं एवढं सांगा, कसं होतं ते नको. हे पहिलं वाचन प्रयोगशाळेतल्या माणसाकडे जाऊ देऊ नका. पुढे जायचं ठरलं की आपल्याकडे आजवर झालेल्या कामाच्या नोंदी तारखेनिशी बंद करून ठेवा आणि मगच करारावर सही.

करारात दोन पेट्या असतात: भागीदारीत येण्याआधी ज्याचं जे होतं ते, आणि भागीदारीत नवं निर्माण झालं ते. पहिलीची यादी जोडपत्रात हवीच. दुसरीत 'हक्क दोघांचे निम्मेनिम्मे' लिहायचा मोह होतो, ऐकायला न्याय्य वाटतं. करू नका. अमेरिकेत सहमालक दुसऱ्याला न विचारता कोणालाही परवाना देऊ शकतो आणि मिळालेल्या पैशातला वाटाही देणं लागत नाही. ब्रिटनमध्ये दुसऱ्याच्या संमतीशिवाय परवानाच देता येत नाही. म्हणजे एकीकडे भागीदार तुमच्या स्पर्धकाला परवाना देऊन मोकळा, दुसरीकडे तुमचेच हात बांधलेले. त्यापेक्षा मालकी एकाची आणि दुसऱ्याला ठरलेल्या क्षेत्रापुरता परवाना हे बरं: वाहनांसाठी तुम्ही, वैद्यकीय उपकरणांसाठी ते.

शब्द किती महाग पडतात ते स्टॅनफर्ड विरुद्ध रोश या खटल्यात दिसतं. विद्यापीठाच्या संशोधकाने स्टॅनफर्डशी केलेल्या करारात 'हक्क देण्याचं मान्य करतो' असं होतं. पुढे तो पीसीआर शिकायला सीटस या कंपनीत गेला आणि तिथे पाहुण्यांकडून घेतात त्या कागदावर सही केली. त्यात 'हक्क देईन आणि याद्वारे देत आहे' असं होतं. पहिलं झालं भविष्यातलं वचन, दुसरं तिथल्या तिथे दिलेलं दान. एचआयव्हीचं प्रमाण मोजण्याच्या चाचणीवरचे हक्क त्या एका क्रियापदाने सीटसकडे आणि तिथून रोशकडे गेले. विद्यापीठ २०११ मध्ये अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयात हरलं. तुमच्या प्रवेशद्वारावरच्या नोंदवहीतला छापील मजकूर कोणी शेवटचा कधी वाचला होता?

तिरकस:

कलमबहाद्दर, नोंदवहीवाला मुद्दा जबरी. आजच वाचतो.

शून्यउणे:

आत घेण्यावर खूप लिहून झालं. बाहेर सोडण्यावर कोणी बोलतच नाही, आणि माझ्या मते हुशारी तिथे जास्त लागते.

झेरॉक्सची पालो आल्टोची प्रयोगशाळा १९७० मध्ये सुरू झाली. लेझर प्रिंटर, इथरनेट, खिडक्या-माउसवाला संगणक तिथलेच. कंपनीने हे हातचं घालवलं म्हणून सगळे हसतात, पण लेझर प्रिंटरवर झेरॉक्सने भरपूर कमावलं हे विसरतात. कारण तो त्यांच्या धंद्यात बसत होता: कागद, शाई, भाड्याने यंत्र. जे बसत नव्हतं ते माणसांबरोबर बाहेर गेलं आणि थ्रीकॉम, अडोबी अशा कंपन्या झाल्या. 'हे चालणार नाही' या शेऱ्यात 'आपल्या धंद्यात चालणार नाही' एवढंच असतं, पण फायलीवर 'हे चालणार नाही' हे तीनच शब्द उरतात.

पीअँडजीने यावर नियम केला: पेटंट मिळून पाच वर्षं किंवा माल बाजारात येऊन तीन वर्षं झाली, की ते तंत्र कोणालाही परवान्यावर मिळेल, स्पर्धकालासुद्धा. याचा आत होणारा परिणाम बाहेरच्यापेक्षा मोठा. फाइल दाबून बसलेल्या विभागाला मुदत पडते. ग्लॅड हा क्लोरॉक्स कंपनीचा प्लास्टिकच्या पिशव्या-वेष्टनांचा ब्रँड. सफाईच्या मालात क्लोरॉक्स आणि पीअँडजी एकमेकांसमोर उभे, पण पीअँडजीने दाबलं की चिकटणाऱ्या प्लास्टिकचं तंत्र २००३ मध्ये संयुक्त उपक्रमात घातलं आणि बदल्यात १० टक्के वाटा घेतला. २००५ मध्ये तो २० टक्के केला. स्वतःचा ब्रँड उभा करून त्या दुकानात शिरायचं तर किती खर्च आला असता याचा अंदाज ज्याचा त्याने करावा.

आणि फुकट वाटण्यामागचा हिशोब. १९९५ मध्ये मर्क या औषध कंपनीने वॉशिंग्टन विद्यापीठाला पैसे देऊन मानवी जनुकांच्या तुकड्यांची माहिती सर्वांसाठी खुली करायला सुरुवात केली. त्यावेळी काही कंपन्या तेच तुकडे पेटंटमध्ये बांधायच्या मागे होत्या. मर्कचा नफा औषधात. जनुकांची माहिती हा तिच्यासाठी कच्चा माल. कच्च्या मालावर दुसऱ्याने नाका उभारण्याआधी रस्ताच सार्वजनिक करून टाकला. फेसबुकने २०११ मध्ये सर्व्हर आणि डेटा सेंटरची रेखाटनं खुली केली त्यामागचं गणितही हेच: सर्व्हर विकणं हा त्यांचा धंदा नाही, सर्व्हर स्वस्त होणं फायद्याचं.

तिरकस:

मग टेस्लाने २०१४ मध्ये पेटंटं खुली केली तेही दानच म्हणायचं का?

शून्यउणे:

दान कुठलं! अट वाचा. 'सद्भावनेने' वापरणाऱ्यावर दावा करणार नाही, असं आहे. सद्भावनेने म्हणजे तुम्ही टेस्लावर तुमचं कुठलंही पेटंट चालवायचं नाही, त्यांच्या पेटंटला आव्हान द्यायचं नाही आणि नक्कल विकायची नाही. ज्या कंपनीकडे स्वतःची हजारो पेटंटं आहेत, तिला हा सौदा महाग पडतो. टोयोटाने जानेवारी २०१५ मध्ये हायड्रोजन इंधनघटाची सुमारे ५,६८० पेटंटं विनामूल्य दिली. त्यातली वाहनांची २०२० अखेरपर्यंतच, पंपांची मात्र बेमुदत. पंप उभे राहिले नाहीत तर गाडी विकणार कोणाला? कुठल्या पेटंटला मुदत घातली आणि कुठल्याला नाही, एवढ्यावरून कंपनीचं पोट कशावर चालतं ते कळतं.

खटपट्या:

आता पाचरने विचारलं होतं ते. अडतं कुठे?

माल बाहेरून येतो, दारात स्वागत होतं, फोटो निघतात, आणि मग तो तीन खोल्यांत मरतो.

पहिली खोली संशोधन विभागाची. 'आमच्याकडचं नाही' हा आजार जुना आहे, पण त्याला नुसता अहंकार म्हणणं सोपं पडतं. बढती कशावर मिळते ते बघा. आपल्या नावावरची पेटंटं मोजत असतील तर बाहेरचं तंत्र आणणारा स्वतःचे गुण घालवतो. आणि बाहेरचं ओळखायला घरात त्यातलं कळणारा माणूस लागतोच. संशोधन विभाग अर्धा करून ओपन इनोव्हेशन सुरू करणाऱ्यांना आलेला प्रस्ताव चांगला की थाप हे सांगायलाच कोणी उरत नाही.

दुसरी खोली खरेदीची. नव्या पुरवठादाराचा कोड काढायला तीन वर्षांचे ताळेबंद, विम्याचं प्रमाणपत्र, नव्वद दिवसांची उधारी. आठ माणसांच्या कंपनीला नव्वद दिवस म्हणजे दोन-तीन पगार. प्रायोगिक कामांसाठी वेगळा छोटा करार ठेवा: रकमेची कमाल मर्यादा, दोन-तीन पानं, अर्धे पैसे आगाऊ, उरलेले अहवालानंतर पंधरा दिवसांत. बीएमडब्ल्यूने २०१५ मध्ये स्टार्टअप गराज काढलं त्यात हाच विचार आहे. समभाग घेण्याऐवजी नव्या कंपनीचं पहिलं ग्राहक व्हायचं, नमुना रीतसर ऑर्डर काढून विकत घ्यायचा. मग ती कंपनी पुरवठादारांच्या यादीत आपोआप येते आणि गुणवत्तावाल्यांनाही तपासणं भाग पडतं.

तिसरी खोली सगळ्यात अंधारी: उत्पादन विभागाचं बजेट. प्रयोगाचे पैसे इनोव्हेशन विभागाने दिले, प्रयोग जमला. आता साचे, चाचण्या, कामगारांचं प्रशिक्षण हे कारखान्याच्या खात्यातून. आणि कारखान्याच्या वार्षिक लक्ष्यात ते नाहीच. प्रयोग 'यशस्वी' असा शेरा घेऊन तिथेच थांबतो. उपाय कंटाळवाणा आहे. प्रयोग सुरू होण्याआधी कारखान्याच्या प्रमुखाकडून एका कागदावर सही: अमुक आकडा आला तर अमुक रक्कम पुढच्या वर्षात धरीन. सही मिळत नसेल तर प्रयोग करू नका, समोरच्या छोट्या कंपनीचं वर्ष वाचेल.

शिवाय तंत्राची तयारी एक ते नऊच्या पट्टीवर मोजा. नासाकडून आलेली पट्टी आहे, बहुतेकांना माहीत असेल. विद्यापीठातून येतं ते सहसा तीन-चारला असतं, कारखाना मागतो आठ. मधल्या पायऱ्या कोण चढणार हे ठरत नाही आणि दोघेही समजतात की दुसरा.

पाचर:

पहिल्या खोलीवरून आठवलं. किती दारं उघडायची यालाही मर्यादा आहे. ब्रिटनमधल्या २,७०७ उत्पादक कंपन्यांवर २००६ मध्ये अभ्यास प्रसिद्ध झाला. ग्राहक, पुरवठादार, विद्यापीठं असे ज्ञानाचे १६ स्रोत धरले होते. स्रोत वाढले तसा फायदा वाढला, पण एका टप्प्यानंतर आलेख खाली वळला. बघणारी माणसं तेवढीच, ढीग मात्र वाढत जातो.

न्यूयॉर्कच्या क्वर्कीचं हेच झालं असं मला वाटतं. २००९ मध्ये सुरू, लोकांनी कल्पना सुचवायच्या, मतं द्यायची, कंपनी माल बनवणार. कल्पना हव्या तेवढ्या आल्या. पण विजेच्या फळीपासून एअर कंडिशनरपर्यंत दरेक वस्तूला वेगळा साचा, वेगळ्या चाचण्या, वेगळा साठा. सप्टेंबर २०१५ मध्ये दिवाळखोरी.

तिरकस:

याच्या उलट टोक एएसएमएल या डच कंपनीचं. चिप छापायची ईयूव्ही (अतिनील प्रकाशावर चालणारी) यंत्रं बनवायला पैसे कमी पडत होते, तर २०१२ मध्ये इंटेल, टीएसएमसी आणि सॅमसंग या तीन ग्राहकांनाच आत घेतलं. त्यांनी मिळून २३ टक्के समभाग घेतले आणि संशोधनासाठी पाच वर्षांत १.३८ अब्ज युरो द्यायचं कबूल केलं. यंत्रातले आरसे झाइस या जर्मन कंपनीचे. कुठे स्पर्धा नाही, व्यासपीठ नाही, गर्दी नाही. मोजून चार-पाच दारं, पण सताड उघडी. याला ओपन म्हणायचं का यावर वाद घालता येईल. पाचरच्या धोक्याच्या वाटणीत मात्र हे चपखल बसतं, एवढं मान्य करतो. (नाइलाजाने.)

नवखी:

पन्नास-साठ माणसांच्या कंपनीने सुरुवात कुठून करावी? बक्षिसं-व्यासपीठं परवडणार नाहीत.

खटपट्या:

लागतच नाहीत. मेलेल्या पेटंटांपासून सुरू करा. पेटंटची मुदत अर्जापासून वीस वर्षं, पण कितीतरी त्याआधीच नूतनीकरणाचे पैसे न भरल्याने सुटतात. दुसऱ्याने खर्च करून सोडवलेलं, रेखाटनासकट लिहिलेलं, वापरायला मोकळं.

एस्पेसनेट हे युरोपियन पेटंट कार्यालयाचं पेटंट शोधायचं संकेतस्थळ विनामूल्य आहे. आपल्या मालाच्या नावाने शोधू नका, तिथे स्पर्धकच सापडतील. वर लिहिलं तसं क्रियेने शोधा. दोन-चार जवळची सापडली की त्यांवरचा वर्गीकरणाचा कोड घ्या आणि त्या कोडने पुन्हा शोधा. दुसऱ्याच उद्योगातली बाहेर येतात. पाच-सहा निवडा. प्रत्येकाखाली एक ओळ: आपल्याकडे बसवायला काय बदलावं लागेल. मग शोधकर्त्याचं नाव बघून त्याच्याशी बोला. पेटंटमध्ये पद्धत असते, पण तापमान अमुकच का ठेवलं, कुठला चिकटद्रव महिन्याभरात सुटला, हे त्याच्या डोक्यात असतं. दोन दिवसांची सल्ल्याची फी यासाठी अवश्य द्या.

नवखी:

पेटंट मेलंय की जिवंत हे तिथेच कळतं का?

कलमबहाद्दर:

पेटंट उघडलं की 'लीगल इव्हेंट्स' असा टॅब आहे. पैसे न भरल्याने सुटलं असेल तर सहसा तिथे नोंद असते. पण तेवढ्यावर विसंबू नका. ती माहिती देशोदेशीच्या कार्यालयांकडून येते आणि मागे पडते, म्हणून ज्या देशात विकणार त्याच्या पेटंट कार्यालयाच्या नोंदवहीत पुन्हा तपासा. शेजारच्या 'पेटंट फॅमिली'मध्ये तोच शोध कुठकुठल्या देशांत नोंदलाय ते दिसतं. एका देशात सुटलेलं दुसऱ्यात जिवंत असू शकतं. काही देशांत सुटलेलं पेटंट ठरावीक मुदतीत पैसे भरून परत जिवंतही करता येतं. तेव्हा कालच मेलेलं दिसलं तर साच्याची ऑर्डर लगेच देऊ नका.